बारा हात

दोरी कमी पडली.

म्हाळूमामांना वाटलं, कुठंतरी पीळ राहिला असेल. त्यांनी लिंबाच्या बुंध्याची गाठ सोडून पुन्हा बांधली, दोरी दोनदा झटकली आणि झेंड्याच्या खांबाकडे ताणत नेली. लिंब ते खांब पन्नास मीटर. शाळेत सात हेडमास्तर येऊन गेले, कौलं जाऊन पत्रे आले, घंटा जाऊन बेल आली. पण लिंब आणि खांब तेवढे जागचे हलले नव्हते. दोरीचं टोक खांबाला टेकायलाच हवं होतं. ते दीड हात अलीकडे हवेतच लोंबत राहिलं.

मामांनी कोपरापासून बोटांपर्यंत हात लावून ते अंतर मोजलं, तरी दीड हातच.

दोरी सुती, मामांच्या शिपाईगिरीएवढीच जुनी. परतीच्या पावसात खेळाच्या खोलीचे पत्रे गळले आणि दोरी दोन दिवस पाण्यात पडून राहिली. मामांनी ती उन्हात वाळवली, गुंडाळून ठेवली; पण धुतलेला सदरा आटतो तशी ती आटली असेल, हे काही त्यांच्या डोक्यात आलं नाही. एरवी लिंब ते खांब हे माप घेतल्याशिवाय मामा रेघांच्या पांढऱ्या फक्कीच्या घमेल्याला हात लावत नसत. परवा ट्रॅक आखताना मात्र पाहुण्यांची घाई, हेडमास्तरांची त्याहून घाई, आणि नेमकं तेवढंच राहून गेलं.

शाळेचा ट्रॅक आठ दोऱ्यांचा. दिडकीचा पाढा मामांच्या तोंडात आपोआप आला. आठ दिढे बारा.

चारशे मीटरचा ट्रॅक बारा हात आखूड होता. आणि त्याच ट्रॅकवर काल संध्याकाळी एका अख्ख्या देशाचा विक्रम झाला होता.

शिरूरच्या शाळेत देशाचा विक्रम कसा काय, असं कुणीही विचारील. तर त्याचं असं झालं. त्या साली बालेवाडीला देशोदेशीच्या कोवळ्या वयाच्या खेळाडूंची स्पर्धा होती. पूर्वेकडच्या समुद्रातला एक देश, स्वतंत्र होऊन जेमतेम सहा वर्षं झालेला. त्याचं नाव मामांच्या जिभेवर शेवटपर्यंत बसलं नाही, म्हणून ते नुसतं 'नवा देश' म्हणायचे. त्या देशाचा संघ म्हणजे दोनच माणसं: सतरा वर्षांची ओदेत आणि तिचे फिलिप सर. दौंडचे एक फौजदार युनोच्या कामावर त्या देशात राहून आले होते. त्यांनीच सांगितलं, महिनाभर आधी या, सराव करा. दोघं दौंड स्टेशनवर उतरले. तिथल्या मैदानावर पोलीस भरती चालू. म्हणून त्यांची रवानगी शिरूरला झाली, शाळेच्या वसतिगृहात.

पहिल्याच दिवशी मामांनी विचारलं होतं, "पोरीचं नाव काय म्हनली?"

"ओदेत," मोनाली म्हणाली. मोनाली म्हणजे मामांची धाकटी, दहावीतली. नववीपर्यंत वर्गात तोंड न उघडणारी ही मुलगी पाहुण्यांशी इंग्रजीत बोलायला हेडमास्तरांनी पुढे केली होती, आणि ती बोलत होती. चुकतमाकत, पण दणक्यात.

"ओढत? पळनाऱ्या पोरीचं नाव ओढत? आईबापानं काय इचार करून ठिवलं आसंल?"

"आप्पा, ओदेत."

"त्येच म्हनतोय मी."

मोनालीनं हे इंग्रजीत सांगितलं तेव्हा ओदेत पोट धरून हसली. पुढं कधी दमली की ती स्वतःच छातीवर हात ठेवून म्हणायची, "टुडे, ओढत."

फिलिप सरांकडे एक निळी वही होती. देश नवा, म्हणून विक्रमांची वहीही नवी. पानोपानी खेळांची नावं लिहिलेली आणि खाली कोरं. तिकडं मोजलेलं मैदानच नव्हतं. समुद्राच्या वाळूवर रेघ मारून मुलं पळायची आणि भरती आली की रेघ पुसून जायची. कोण किती पळालं याला पुरावा काय? काल ओदेत मामांच्या पांढऱ्याशुभ्र रेघांमधून पळाली. घड्याळ थांबलं चौसष्ट सेकंद आणि वर एक दशांशावर. फिलिप सरांनी 'मुली, चारशे मीटर' असं लिहिलेलं पान उघडलं आणि पहिल्या ओळीत आकडा मांडला. मग एसटी स्टँडजवळच्या बूथवरून आपल्या देशात फोन केला. तासाभरात त्यांच्या रेडिओवर ती बातमी सांगितली गेली. ओदेतच्या आईनं ती ऐकली. हेडमास्तरांनी पेढे वाटले. ओदेतनं स्वतःच्या वाटणीचा पेढा आणून मामांच्या हातावर ठेवला आणि म्हणाली, "मामा, युवर लाइन."

मामांनी दोरीचं टोक तिथंच टाकलं आणि ते शाळेकडे वळले.

खेळ शिकवणारे मच्छिंद्र सर सायकल लावत होते. मामांनी त्यांना गाठून सगळं सांगितलं. सरांनी आधी इकडंतिकडं पाहिलं.

"अजून कुणाला बोललात?"

"न्हाई."

"मग बोलूच नका. बारा हातांनी काय होतंय मामा? पाव्हणे चार दिवसांत बालेवाडीला जातील. तिथं लाल रबराचा ट्रॅक हाय, तिथं काय व्हायचं ते खरं होईल. उगा शाळेचं नाव घालवू नका."

"पर सर, वहीत लिवलंय त्यांनी."

"लिहू द्या की. आपल्या वहीत थोडंच लिहिलंय?"

मामांनी दोरी गुंडाळली. सव्वीस वर्षं त्यांनी या मैदानावर रेघा ओढल्या होत्या. कबड्डी, खो-खो, ट्रॅक. मुलं पळायची, बक्षिसं घ्यायची, संध्याकाळपर्यंत पायांनी रेघा विस्कटून टाकायची. रेघ कुणी मारली हे आजवर कुणी विचारलं नव्हतं, आणि ती बरोबर आहे का, हे तर त्याहून नाही. पहिल्यांदा कुणीतरी त्या रेघेवर भरवसा ठेवून शाईनं लिहिलं होतं. तेही एका देशाच्या कोऱ्या पानावर.

दुपारच्या सुट्टीत त्यांनी मोनालीला लिंबाखाली बोलावलं.

"त्या सरांना सांगायचं हाय. म्हनावं, दोरी आटली."

मोनालीचा चेहरा उतरला. "आप्पा, ती रडंल. काल तिच्या आईनं रेडिओवर ऐकलंय."

"म्हनून तर. आईला खोटं ऐकवलं व्हय आपुन?"

"आन् आटली याला इंग्रजीत काय म्हणतात, मला न्हाई येत."

"दूध आटतं, हीर आटती, कापड आटतं. त्यांच्याकडं काय आटतच न्हाई व्हय?"

वसतिगृहाच्या पायरीवर फिलिप सर बूट पुसत बसले होते. ओदेत केस विंचरत होती. मोनाली म्हणाली, "सर, रोप बिकेम स्मॉल." सरांना कळेना. तिनं दोन्ही हात पसरले आणि जवळ आणले. तरीही कळेना. शेवटी मामांनीच पुढं होऊन दोरी पायरीशी ठेवली, तांब्यातलं पाणी तिच्यावर ओतलं, वर पत्र्याकडं बोट दाखवलं, आणि मग बारा वेळा कोपरापासून बोटांपर्यंत हात मोजून दाखवला. एक, दोन, तीन. थेट बारापर्यंत.

ओदेतला सरांच्या आधी कळलं. कंगवा तसाच केसांत ठेवून ती उठली आणि आत निघून गेली. दार जोरात नाही लावलं. हळूच लावलं, आणि तेच मामांना जास्त लागलं.

फिलिप सरांनी ओली दोरी उचलून दोन बोटांत पिळली आणि कपाळावर हात मारून घेतला. ते काय बोलले ते मोनालीनं थांबत थांबत सांगितलं.

"आप्पा, ते म्हणतात, माझा बाप कोळी. लहानपणी जाळ्याच्या दोऱ्या मी भिजवायचो. भिजली की दोरी आखडते हे मलाच माहीत नव्हतं का? चूक दोघांची आहे. आणि ते म्हणतात..." ती अडखळली. "ते म्हणतात, थँक यू."

"थँक्यू कशापायी?"

"म्हणतात, पहिलाच आकडा खोटा असता तर पुढचे सगळे त्याच्यामागं धावत राहिले असते."

मामांनी ओली दोरी त्यांच्या हातून घेतली आणि गुंडाळली.

आता खरं माप हवं होतं. शाळेचा लोखंडी टेप पंधराव्या मीटरला तुटून वर्षं झाली होती, आणि कापडी टेपवर मामांचा आता भरवसा बसेना. त्यांनी दुसऱ्या दिवशी सकाळची पहिली दौंडची एसटी पकडली. मामांची बायको रंभा, तिचा भाऊ कोंडिबा तिथं रेल्वेत गँगमन होता. रुळांची देखभाल करणारी ही माणसं, मापाला पक्की. एका म्हाताऱ्या मुकादमानं निवृत्त होताना स्वतःचा पोलादी टेप कोंडिबाला दिला होता आणि कोंडिबा तो पेटीत दागिन्यासारखा जपायचा.

"दाजी, बारा हातांपायी तुमी दौंडपर्यंत आला व्हय?" कोंडिबा हसून हसून खोकायला लागला. "रुळात बोटभर फरक पडला तर गाडी पडती. तुमची पोरगी पडनार हाय का?"

"पोरगी न्हाई, आकडा पडंल."

कोंडिबा हसायचा थांबला. पेटी उघडून त्यानं टेप काढला, तेलाच्या फडक्यानं पुसला आणि दिला. "ताईला सांगा, मंगळवारच्या आत परत पायजे. आन् टेप ढिला सोडू नका. ताणून धरा."

दुपारी तीनला मामा परतले. उन्हात मोनालीनं एक टोक धरलं, मामांनी दुसरं. जुन्या रेघा खराट्यानं पुसल्या. खुंट्या नव्यानं ठोकल्या. मच्छिंद्र सर लांबून बघत होते. थोड्या वेळानं बाह्या सरसावून आले आणि फक्कीचं घमेलं उचललं. मापात एकदा बोटभर फरक आला, तर मामांनी सगळं वळण पुन्हा मोजलं. ऊन उतरेपर्यंत ट्रॅक तयार झाला.

ओदेत तेव्हा बाहेर आली. कालपासून ती कुणाशी बोलली नव्हती, मामांकडं पाहिलंही नव्हतं. तिनं बूट बांधले, रेघेवर बोटं टेकवली. फिलिप सरांनी हात खाली केला आणि ती सुटली. समोरच्या सरळीवर ती परवासारखीच वाटली, पण शेवटच्या वळणावर पाय जड झाले. शेवटची वीस पावलं ती अक्षरशः स्वतःला खेचत आली.

चौसष्ट सेकंद, वर नऊ.

आठ दशांशांनी कमी पडली. देशाच्या रेडिओवर आता दुसऱ्यांदा बातमी सांगावी लागणार होती, आणि ती पहिल्यापेक्षा लहान असणार होती. मामा मान खाली घालून उभे होते. ओदेत गुडघ्यांवर हात टेकून धापा टाकत होती. मग ती तशीच चालत त्यांच्यापाशी आली, छातीवर हात ठेवला आणि म्हणाली, "मामा, टुडे, ओढत."

मोनाली आधी हसली. मग मामा हसले, आणि हसता हसता त्यांनी खांद्यावरच्या टॉवेलनं तोंड झाकून घेतलं.

फिलिप सरांनी वहीतला जुना आकडा एका रेघेनं खोडला आणि त्याच ओळीत पुढं नवा लिहिला. मग एक छापील कागद काढला. विक्रमाच्या कागदावर धावणाऱ्याची, वेळ घेणाऱ्याची आणि खाली ट्रॅक मोजणाऱ्याची सही लागते. त्यांनी पेन मामांपुढं धरलं.

"मी?" मामांनी मागं वळून पाहिलं, जणू मागं दुसरं कुणी उभं असेल. "हेडमास्तरांची घ्या की."

"हेडमास्तरांनी मोजलाय का आप्पा?" मोनाली म्हणाली.

सव्वीस वर्षं मामांनी फक्त हजेरीपटावर आणि पगारपत्रकावर सही केली होती. त्यांनी हाताला लागलेली फक्की पँटला पुसली, कागद मोनालीच्या पाठीवर ठेवला आणि मराठीत, एकेक अक्षर सुटं काढत लिहिलं: म्हाळू गेनू ओव्हाळ. तरी कागदावर एक पांढरा अंगठा उमटलाच. फिलिप सरांनी तो पुसू दिला नाही.

बालेवाडीला ओदेत तिच्या गटात शेवटची आली. शाळेच्या जीपमधून मामाही गेले होते. न पुसणाऱ्या रेघा त्यांनी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिल्या. पण फलकावर वेळ लागली चौसष्ट सेकंद तीन, आणि मामांनी तेवढ्या गर्दीत शेजारच्या अनोळखी माणसाला धरून सांगितलं, "शेवटची न्हाई ती. शिरूरच्या आकड्याच्या म्होरं गेली."

वर्षभरानं पत्र आलं. मोनाली तेव्हा अकरावीला होती, आणि तिला इंग्रजी वाचताना आता थांबावं लागत नव्हतं. सोबत वहीच्या त्या पानाची झेरॉक्स होती. पहिल्या ओळीत खोडलेला आकडा, त्याच्यापुढं खरा, आणि 'शिरूर'. दुसऱ्या ओळीत बालेवाडी. त्याखाली चार नवी नावं.

"ओदेत लिहिते, तिच्या गावात आता मोजलेलं मैदान झालंय. लोखंडी टेपनं मोजलंय, असं मुद्दाम लिहिलंय. चार मुली तिच्या पुढं गेल्या. तिचा विक्रम आता राहिला नाही."

मामा शाळेच्या जिन्याखाली स्टुलावर बसले होते. "नावं वाच."

मोनालीनं चारही नावं वाचली. मामांनी प्रत्येक नाव आपल्या जिभेवर घोळवून पाहिलं. चारही वाकडी आली.

"चार पोरी," ते म्हणाले. "बरं झालं. लई बरं झालं." मग त्यांनी विचारलं, "आन् वहीतली आपली वळ?"

"आहे की. पहिलीच."

त्यांनी कागद घडी घालून खिशात ठेवला आणि ते उठले. दुसऱ्या दिवशी लहान मुलांचे खेळ होते, पोत्यात पाय घालून उड्या मारायची शर्यत. तिला मापाची गरज नसते, चार पावलं टाकून रेघ मारली तरी चालते. जुन्या दोरीवर लिंबाखाली वसतिगृहाच्या पोरांचे सदरे वाळत होते. मामांनी खोलीतून शाळेचा नवा टेप आणला, एक टोक लिंबाशी दगडाखाली दाबलं आणि झेंड्याच्या खांबाकडे चालू लागले, ताणून धरत.