धुळाचं साठेखत

मंद्रूपजवळचा ओढ्याकाठचा माळ धुळानं श्रीमंतकडून घेतला, तेव्हा कागद झाला नव्हता. धुळा धनगर, श्रीमंत कुणबी. ओळख बापांच्या वेळची. बिरोबाच्या देवळात देवाचा भंडारा उचलून श्रीमंत शपथेवर म्हणाला होता, "माळ तुझा. खत सवडीनं करू." धुळानं मोबदल्यात आपली निम्मी मेंढरं त्याच्या दारात नेऊन सोडली. हे पाहायला तिसरा माणूस एकच, देवळाचा पुजारी मायाप्पा.

दोन पावसाळे गेले. धुळानं आणि त्याच्या बायकोनं, अंबुबाईनं, माळावर विहीर खणायला घेतली. त्या खडकात पाणी लागेल असं गावात कुणालाच वाटत नव्हतं. पण लागलं. त्याच आठवड्यात श्रीमंत आला आणि काठावर उभा राहून बराच वेळ खाली बघत राहिला.

"खत कवा करायचं?" धुळानं विचारलं.

"कशाचं खत?" श्रीमंत म्हणाला. "कागद आसंल तर दाव की."

धुळा सोलापूरला गेला. कोर्टाबाहेर लिंबाखाली चनबसप्पा नावाचा माणूस लोकांचे अर्ज लिहून द्यायचा. त्यानं सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

"भंडारा उचलला म्हणून जज्ज जमीन देत न्हाय," तो म्हणाला. "साठेखत पायजे. माझ्याकडं जुना स्टांप हाय. येव्हार खरा हाय न्हवं? मग कागद खोटा कसा?"

अंबुबाईला हे पटलं नाही. "जे झालं त्येच सांगा. मायाप्पा हाय की साक्षीला."

"एकट्या पुजाऱ्याचं कोण ऐकतंय?" धुळा म्हणाला.

चनबसप्पानं मागची तारीख घालून साठेखत लिहिलं. घेणार म्हणून धुळानं डावा अंगठा उठवला आणि श्रीमंतच्या नावापुढं उजवा. मायाप्पानं साक्षीदार म्हणून अंगठा दिला. पाहिलं तेच तर लिहिलंय, असं त्यानं मनाशी म्हटलं. धुळानं दाव्यासाठी वकील दिला, पण त्याला भंडाऱ्याचं किंवा या अंगठ्याचं कुणी काही सांगितलं नाही.

दावा उभा राहिला. श्रीमंतनं माझ्यासमोर अंगठा उठवला, असं मायाप्पानं पिंजऱ्यात शपथेवर सांगितलं, पण इतक्या हळू की जज्जसाहेबांनी त्याला परत बोलायला लावलं. मग श्रीमंत पिंजऱ्यात आला. धुळाच्या वकिलानं कागद पुढं धरून विचारलं,

"हा अंगठा तुमचा?"

"न्हाय."

"असा कागद करून दिला होता?"

"न्हाय."

जज्जसाहेबांनी सगळ्यांचे ठसे घेऊन पुण्याला तपासायला पाठवले. उत्तर आलं, ते धुळाच्या वकिलानं दोनदा वाचलं. श्रीमंतच्या नावापुढचा ठसा धुळाच्या उजव्या अंगठ्याचा होता.

"सायेब, अंगठा माझा हाय," धुळा म्हणाला. "पर माळ त्यानंच दिला. माझी मेंढरं त्याच्या वाड्यात हायती."

"मग हेच आधी का सांगितलं नाही?"

साठेखत बनावट, तेव्हा व्यवहारही बनावट, असा निकाल झाला. पुढं फौजदारी खटल्यात धुळाला सक्तमजुरी झाली, आणि खोट्या साक्षीपायी मायाप्पालाही. चनबसप्पा लिंबाखाली पुन्हा कुणाला दिसला नाही.

दाव्याच्या निकालाच्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्यांवर अंबुबाईनं श्रीमंतला अडवलं. "श्रीमंतभाऊ, बिरोबाला तरी काय सांगशील?"

"कोर्टात मी येक बी खोटं बोललो न्हाय, वैनी," तो तिच्याकडं न बघता म्हणाला. "कागद मी केला न्हवता. अंगठा माझा न्हवता. भंडाऱ्याचं मला कुणी इचारलंच न्हाय." आणि तो बैलगाडीकडं चालू लागला.

माळ गेला, विहीर गेली. उरलेली मेंढरं हाकत अंबुबाई भावाच्या गावी राहायला गेली. तिथून ती तुरुंगात भेटायला आली, तेव्हा धुळा फार खंगला होता. हातांना खडी फोडून घट्टे पडले होते.

"तुझं ऐकलं आसतं, खरं त्येच सांगितलं आसतं," त्यानं गजाआडून विचारलं, "तर जिंकलो आसतो का गं?"

अंबुबाईनं खोटा धीर दिला नाही. "काय ठावं. हरलो बी आसतो," ती म्हणाली. "पर तुमी घरी आसता."

शिपायानं वेळ संपल्याचं सांगितलं. तिनं धुळासाठी आणलेली पदरातली भाकरी शिपायाच्या हाती दिली. ती आत न्यायची नाही, असं म्हणून त्यानं परत केली.