दुसरा घास

जयप्रकाशरावांना प्रेम व्यक्त करायला शिकायचं होतं, आणि तेही अम्हारिकमध्ये. मराठीत त्यांनी ही भानगड कधी केलीच नव्हती. इतक्या वर्षांच्या संसारात बायकोला हाक ‘अगं’, आणि फारच लाडात आले तर ‘अगं ए’.

पण त्यांच्या मुलानं, ओमकारनं, हीरुतशी लग्न ठरवलं. तिचे आईवडील मूळचे इथिओपियाचे, राहणार इथेच नेदरलँड्समध्ये, युट्रेख्टला. त्यांच्याकडे जेवायचं आमंत्रण आलं आणि जयप्रकाशरावांच्या हार्लेमच्या घरात मोबाइलवर त्यांच्या भाषेचे, अम्हारिकचे, धडे सुरू झाले. जयप्रकाशराव आयटीतले, काम हाती घेतलं की तडीस नेणार. दाढी करताना ‘इवद्दिशालेहू’, सायकलला कुलूप लावताना ‘येने कोंजो’. पहिल्याचा अर्थ माझं तुझ्यावर प्रेम आहे, दुसऱ्याचा माझी सुंदरी. बायको, शैला, पोळ्या लाटता लाटता सगळं ऐकायची. स्वयंपाकघरातही समोर माणूस ती एकटीच, पण प्रेमाचं बोलणं मोबाइलशी चालायचं. मोबाइल शाबासकीही द्यायचा.

“अहो, हे नक्की कुणाला म्हणताय?” तिनं एकदा विचारलं.

“अगं, प्रॅक्टिस आहे. उच्चार बघ काय जमलाय!”

उच्चार खरंच जमला होता. शैलाला वाईट वाटलं, रागही आला, आणि तो तिनं पोळीवर काढला. तिला कुठलीही भाषा चालली असती. या माणसानं एकदा आपल्याकडे बघून गोड बोलावं, एवढंच तिला हवं होतं.

रविवारी सगळे युट्रेख्टला पोचले. मोठ्या थाळीत आंबट घावनासारखा इंजेरा पसरलेला, वर डाळी आणि भाज्या. सगळ्यांनी त्याच एका थाळीतून खायचं. घरी उष्ट्या चमच्यावरून कीर्तन करणारे जयप्रकाशराव हसतमुखानं बसले. हीरुतच्या आईला, आल्माझबाईंना, ‘येने कोंजो’ म्हणून झालं. विहीणबाई खूश झाल्या. ओमकारनं मान खाली घातली.

मग आल्माझबाईंनी इंजेऱ्यात डाळ गुंडाळली आणि घास थेट व्याह्यांच्या तोंडाशी नेला. जयप्रकाशरावांनी तो कसाबसा घेतला. दुसरा आला तेव्हा पंगतीतल्या सवयीनं त्यांचा हात आडवा झाला. “नो, नो, एनफ!”

विहीणबाईंचा हात तसाच राहिला.

“बाबा, घ्या तो,” ओमकार पुटपुटला. “दिस इज हाउ दे शो लव्ह. एका घासानं भांडण लागतं म्हणतात, दुसऱ्यानं प्रेम जुळतं.”

“हे ॲपमध्ये नव्हतं,” जयप्रकाशराव म्हणाले आणि त्यांनी मुकाट्यानं तोंड उघडलं.

आल्माझबाई हसल्या. त्यांनी शैलाकडे बोट दाखवलं: आता तुम्ही बायकोला भरवा.

आली का पंचाईत! लग्नातल्या जिलबीनंतर त्यांनी शैलाला काही भरवलं नव्हतं, आणि ती जिलबीसुद्धा फोटोग्राफर ओरडला म्हणून. त्यांनी घास केला. निम्मी डाळ शर्टावर सांडली. उरलेला घास शैलाच्या तोंडात घालताना ते आल्माझबाईंकडे बघत स्वच्छ म्हणाले, “इवद्दिशालेहू.”

टाळ्या पडल्या. परीक्षेत पास झाल्यासारखे जयप्रकाशराव हात पुसू लागले.

शैलानं घास संपवला आणि पुन्हा तोंड उघडून ती बसून राहिली.

“अगं, झालं की!”

“एकानं भांडण लागतं,” शैला म्हणाली. “आणि मी भांडायच्या पूर्ण तयारीत आहे.”

जयप्रकाशरावांनी दुसरा घास केला. या वेळी त्यांनी तिच्याकडे बघितलं, आणि पाठ केलेलं सगळं विसरले. विहीणबाई, मुलगा, होणारी सून, सगळे ऐकत होते.

“शैला,” ते म्हणाले. हे नाव त्यांनी एकदाच, लग्नातल्या उखाण्यात घेतलं होतं, तेही मागून कुणीतरी सांगितलं तेव्हा. “शैला, घे ना गं.”

तिनं घास घेतला. चावता चावता तिला रडू कोसळलं. तरीही तिनं तिसऱ्यासाठी तोंड उघडलं.