फिरत्या घोड्यांची जप्ती

"कुणी उतरायचं नाही! आणखी एक फेरी फुकट!" जत्रेतल्या घोड्यांच्या चक्राचा मालक ओरडला आणि घोडे थांबायच्या आतच त्याने मोटारीचा दांडा पुन्हा पुढे लोटला. पोरांनी एकच कल्ला केला.

सुतार मिस्तरींच्या लेकीने बेलीफकडे पाहिलं. कोर्टाचा जप्तीचा हुकूम हातात धरून तो कठड्याबाहेर घामाने निथळत उभा होता. हुकुमाची मुदत आज संपत होती. उद्या हा मालक चक्राचे सांधे खोलून, ट्रकमध्ये भरून दुसऱ्या गावी पसार होणार, हे मैदानावरच्या फुगेवाल्यालाही माहीत होतं.

हे लाकडी घोडे तिच्या बाबांनी वर्षभर खपून घडवले होते. मालकाने ते नेले आणि मजुरी मागताच हात वर केले. कोर्टात तर म्हणाला, "काम कच्चं आहे. पोर बसलं तर मोडेल." निकाल बाबांच्या बाजूने लागला, पण तो शब्द त्यांच्या मनातून गेला नाही. शेवटच्या आजारपणातही ते मध्येच विचारायचे, "खरंच कच्चं होतं का गं?" गेल्या हिवाळ्यात ते गेले. आईला पैशांची गरज होतीच. लेकीला मात्र बाबांच्या प्रश्नाचं उत्तर हवं होतं, आणि तेही याच माणसाच्या तोंडून.

"उतरवा ना पोरं, साहेब," मालक दात काढत म्हणाला. "मी कुठे अडवतोय? त्यांच्या आया बघून घेतील तुम्हाला."

आया कंबरेवर हात ठेवून उभ्याच होत्या. फुकटची फेरी कोण सोडणार?

"आता हो?" लेकीने विचारलं.

"वस्तू तुम्ही दाखवायची, नोंद मी करायची. पण या पोटानिशी मी घोड्यांमागे धावायचं का, ताई?"

समोरून तांबडा घोडा गेला, मागोमाग पांढरा, मग ठिपक्यांचा. पुन्हा तांबडा आला आणि तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

"धावायचं कशाला? तुम्ही इथेच उभे राहा. तेच येताहेत की तुमच्याकडे!"

"हात्तिच्या!" बेलीफची मिशी हलली. त्याने खिशातलं पेन उपसलं.

तिने चपला भिरकावल्या, जप्तीच्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा दातात धरला आणि धावत जाऊन फिरत्या फळीवर उडी मारली.

"तांबडा, सोनेरी आयाळ!" लगामाला चिठ्ठी बांधत ती ओरडली.

"लिहिला!"

"पांढरा, कान दुमडलेला!"

"लिहिला! पुढचा पाठवा!"

"मावशी, माझ्या घोड्याला पण बांध ना!" ठिपकेवाल्यावरची चिमुरडी किंचाळली. मग सगळीच मागे लागली, "माझ्या! माझ्या!"

मालकाने चिडून दांडा आणखी लोटला. घोडे सुसाट सुटले.

"अहो, डोकं ठिकाणावर आहे का? पोरं पडतील!" आता आया त्याच्यावर तुटून पडल्या. त्याने निमूटपणे वेग कमी केला.

शेवटची चिठ्ठी बांधून झाली तेव्हा बेलीफने गळ्यावर उतरलेला घाम पुसला. "मालाची स्थिती काय लिहू, शेठ? तुम्ही कोर्टात कच्चा म्हणालात. कच्च्या मालाला लिलावात कोण विचारतो! मग वसुलीसाठी सगळे घोडे, मोटार, छत, तिकिटाची खोली, सगळंच उचलावं लागेल. माल चांगला असेल तर चारपाच घोड्यांत भागेल."

मालकाचा चेहरा खर्रकन उतरला. "कच्चा? कोण म्हणतो कच्चा? अहो, इतकी वर्षं पोरं उड्या मारताहेत यांच्यावर, एक सांधा हलला नाही! असं काम आज कुणी करून दाखवावं! पक्के घोडे आहेत, पक्के! लिहा!"

"लिहिलं. करा सही."

त्याने सही केली. चक्र हळूहळू थांबलं. लेक अजून पांढऱ्या घोड्याच्या मानेला हात घालून उभी होती. तिथूनच तिने आईला फोन लावला.

"मिळाले का गं पैसे?" आईने विचारलं.

"मिळतील, आई, तेही मिळतील! आधी हे ऐक!" तिने फोन मालकासमोर धरला. "बोला. पुन्हा बोला, मोठ्याने."

मालक एक पाऊल मागे सरकला.

"बोला की, शेठ," बेलीफ म्हणाला. "सही तर केलीत."