बोस्टनला पाठवलेली माणसं

"आई, प्लीज, त्यांना आत्ता डिस्टर्ब करू नकोस," वैदेहीनं मला दारातच थोपवलं. "रिओहून कॉल आलाय."

आत माझ्या विहीणबाई, इव्होनी, फोन कानाला लावून बसल्या होत्या. या फोनची त्या तीन वर्षं वाट बघत होत्या. ब्राझीलमध्ये बाईंनी जन्मभर टीव्हीच्या मालिका लिहिल्या. यजमान गेले, काम आटलं, तेव्हा त्यांच्या मुलानं, म्हणजे माझ्या जावयानं, त्यांना इथे, बोस्टनजवळच्या श्रूजबरीला आणलं. आता त्यांची सगळ्यात गाजलेली मालिका नव्यानं निघणार होती. ती लिहायला आपल्यालाच बोलावतील, या भरवशावर बाई इथे पाहुणीसारख्या राहत होत्या. बर्फात कापडी बूट घालून चालायच्या. मी दर हिवाळ्यात टोकायची, की अहो, स्नोबूट घ्या. "कशाला? मी तर जाणार आहे," एवढंच उत्तर.

त्यांच्या धंद्यातली एक गंमत मला फार आवडायची. मालिका चालू असतानाच एखादं पात्र प्रेक्षकांना नकोसं झालं, तर त्याला मारायचं नाही. मारलं की लोक चिडतात. त्याला अमेरिकेला पाठवायचं. दारात सूटकेस, एक मिठी, की झालं.

"अर्धं बोस्टन मीच भरलंय," त्या सांगायच्या.

"मग ती माणसं परत कधी यायची?"

"कोणी विचारतच नाही, सुचित्रा. पुढच्या आठवड्यात लोक विसरतात."

यावर आम्ही दोघी पोट धरून हसायचो. मीही सांगलीहून सूटकेस घेऊनच आले होते, त्यामुळे ते हसू मला जरा टोचायचंसुद्धा.

फोन संपला. मला कुठला धीर!

"काय म्हणाले?"

"चांगली मुलं आहेत. फार आदरानं बोलली. लिहायला तरुण माणसं मिळालीत त्यांना. सुरुवातीला माझं नाव दाखवणार आहेत."

"I'm so sorry," वैदेही म्हणाली आणि त्यांच्या खांद्यावर हात ठेवून उभी राहिली.

"मी विचारलं, रूथचं काय करणार? नायिकेची धाकटी बहीण. तिला मी बोस्टनला पाठवलं होतं." बाईंनी टेबलावरचा पावाचा कण बोटानं टिपला. "म्हणाले, ते कॅरेक्टरच काढून टाकलंय."

रडल्या असत्या तर बरं झालं असतं. मी भूल देणारी डॉक्टर. बधिर झालेली माणसं जन्मभर पाहिली, पण उघड्या डोळ्यांनी कॉफी पिणारं माणूस इतकं बधिर पाहिलं नव्हतं. मला फार वाईट वाटलं.

कप विसळून त्यांनी पालथा घातला.

"सुचित्रा, ते बुटांचं दुकान अजून उघडं असेल?"

मी ड्राइव्ह केलं. वाटेत त्या खिडकीबाहेर बघत होत्या. दुकानातल्या मुलीनं तपकिरी, आतून लोकर लावलेले बूट काढले.

"हे दहा वर्षं सहज टिकतील," ती म्हणाली.

बाईंनी वाकून नाड्या घट्ट बांधल्या आणि दोन पावलं चालून पाहिलं. मुलगी खोकं पुढे करत होती.

"नको," त्या म्हणाल्या. "घालूनच जाते."