साधं नाव

मोनालीने फोन स्टीलच्या ग्लासाला टेकवून उभा केला. पडद्यावर रूबेन हसत होता. हा डच पटकथालेखक. वीस वर्षं तिकडच्या मालिका लिहून झाल्यावर आता इथल्या, सिलतऱ्याच्या एका लोखंडाच्या कारखान्यावर त्याचा पहिला सिनेमा. मोनाली त्याची दुभाषी. भट्टीत दोन मजूर मेले आणि हजेरीत मात्र 'त्या दिवशी आलेच नाहीत' अशी नोंद झाली, हे त्याला सांगणारा माणूस म्हणजे तिचेच बाबा, धर्मपाल.

हे फुटलं तर बाबांची नोकरी जाणार, आणि नोकरीवरच भागलं तर नशीब म्हणायचं! म्हणून पटकथेत नाव बदलायचं ठरलं. तुमच्याकडचं एखादं साधं नाव सांग, असं रूबेन म्हणाला होता. तिने तोंडाला आलं ते सांगून टाकलं.

"कारखान्याने शूटिंगला परवानगी दिली!" रूबेन इंग्रजीत म्हणाला. "पटकथा मी नेहमी दोन्ही बाजूंना वाचायला देतो, मजुरांना आणि मालकांनाही. आजवर माझ्यावर एक तक्रार नाही."

"त्यांना दिली? कधी?"

"सोमवारी."

तेवढ्यात बाबा ड्युटीवरून आले. भुवयांवर काळी धूळ, हातात दोन डबे. चपला न काढताच ते खाटेवर बसले.

"गुलाबरावले सकाळीच हापिसात बोलावलं. जेवाले आलाच नाही. गेटवाला म्हणते, तो आज ड्युटीवर नव्हताच. अरे, माझ्यासंगं बसमधून उतरला न तो!"

मोनाली बाबांकडे बघतच राहिली. रोज संध्याकाळी बाबांच्या तोंडून ऐकलेलं नाव. तेच तिने रूबेनला पटकथेसाठी दिलं होतं.

"पोट्टी, काहून अशी पाहून राहिली?"

तिने सगळं सांगितलं. बाबा रागावले नाहीत. गुलाबरावांचा डबा त्यांनी मांडीवर घेतला. तो अजून जड होता.

"याले सांग," ते फोनकडे बघून म्हणाले. "सांगणारा धर्मपाल होता, असं कंपनीले आत्ताच लिहून पाठव म्हणा. माझं कोण ऐकते तिथं? गोऱ्याच्या कागदाले मानतीन."

"बाबा, पण तुम्हाले..."

"सांग म्हणतो न! गुलाबरावची पोरगी दहावीले आहे."

"काय म्हणताहेत ते?" रूबेनने विचारलं.

मोनालीने फोन उचलला. बाबा तिच्या तोंडाकडे बघत होते. इंग्रजी त्यांना कळत नव्हतं.

"काही नाही," ती इंग्रजीत म्हणाली. "शूटिंगला त्यांची काही हरकत नाही."

रूबेनने अंगठा दाखवला आणि फोन ठेवला.

"सांगितलं न नीट?"

"हव, बाबा."