खांडीवरचा हुकूम

वामन आणि गोटीराम सख्खे चुलत भाऊ. खाडीचं पाणी अडवणारा बांध दोघांच्या शेतांना सामाईक. वाशीकडे नवं शहर उठायला लागलं, मोजणीवाले आमच्या गावात फिरू लागले आणि आजवर कुणाचाच नसलेला बांध दोघांनाही आपलाच वाटू लागला. वामन आधी पनवेलच्या कोर्टात पोचला. दावा निकाली निघेपर्यंत दोघांपैकी कुणीही बांधाला हात लावायचा नाही, असा हुकूम घेऊन आला आणि देवापुढे ठेवून त्याला हळदकुंकू वाहिलं. मूर्ख माणूस!

आमच्याकडे रीत अशी, की उधाणाला बांध फुटून खांड पडली तर पाहील त्याने हाळी द्यायची आणि ऐकेल त्याने धावायचं. मग वैर असो नाहीतर सुतक. खारं पाणी एकदा शेतात शिरलं, की पुढची काही वर्षं भाताचं नाव नको.

भाद्रपदातल्या उधाणाला भरदुपारी गोटीराम ओरडला, "खांड परली रं! धावा!"

वामनने ऐकलं. पण त्याला वाटलं, हुकूम मोडायचा हा डाव आहे. तो फावडं घेऊन धावला तो माती टाकायला नव्हे. गोटीराम कमरेएवढ्या पाण्यात चिखल लोटत होता.

"हात काढ! कोर्टाचा हुकूम हाय!"

"आरं, पानी तुज्याच भातान चाललाय!"

"तूच फोरलास बांद!"

आणि वामनने फावड्याचा दांडा त्याच्या डोक्यात घातला. रक्ताने गोटीरामचा डोळा भरला. त्याने वामनचे पाय ओढून त्याला खाली पाडलं आणि तोंड चिखलात दाबून धरलं. वामन त्याच्या मनगटाला कडकडून चावला. दोघे जनावरांसारखे लोळले, आणि त्यांच्या टाचांनी उकरली जाऊन खांड दुप्पट झाली. आम्ही पोचलो तेव्हा पाणी घोंघावत आत जात होतं.

वामनची बायको भागीरथी पुढे झाली. हातातली टोपली तिने नवऱ्याच्या पाठीत इतक्या जोरात हाणली की टोपलीचा काठ तुटला.

"मारा येकमेकाना! भात गेला की पोराना तुजा हुकूम शिजवून घालू?"

वामनने मागे वळून पाहिलं. त्याच्या भाताची निम्मी खाचरं बुडाली होती. तो रडायलाच लागला, आणि रडत रडतच माती टाकू लागला. गोटीराम डोकं धरून ती पायाने तुडवत राहिला. आम्हीही भिडलो आणि ओहोटी लागेपर्यंत खांड बुजली.

पुढे कोर्टाचा बेलीफ आला आणि ओली माती पाहून गेला. दोघांना कोर्टात बोलावणं आलं. जज्जसाहेबांनी विचारलं, "हुकूम कुणी मोडला?"

गोटीराम तोंड उघडणार, तोच वामन म्हणाला, "मी. माती मी टाकली."

"हुकूम तर तुम्हीच मागितला होता! माफी मागा."

"मागतो सायेब. पन परत खांड परली त परत टाकीन."

त्या एका वाक्यासाठी वामन चार दिवस तुरुंगात गेला. सुटून आला तो थेट बांधावर. डोक्याला पट्टी बांधून गोटीराम तिथेच बसला होता. वामनचं उरलेलं भात वाऱ्यावर डोलत होतं.

"निम्मा वाचलाय," गोटीराम म्हणाला. "रोज येऊन बघत व्हतो."

वामन शेजारी बसला.

"दावा मातर मी सोरनार नाय," गोटीराम म्हणाला.

"नको सोरू," वामन म्हणाला. "मी तरी कुटं सोरतोय?"

आणि दोघे भरतीकडे बघत बसले.