मदरबोर्डमधली किल्ली

कडी लावली की नाही हे बघायला अर्ध्या जिन्यावरून परत येणारा माणूस, म्हणून ऑफिसात त्याचं नाव ‘खात्री’ पडलं. घरी बायको त्याला फक्त रागात असली की तसं म्हणे. म्हणजे बऱ्याचदा.

तिनं आपल्या धाकट्या भावाकडून त्याचा जुना लॅपटॉप घेतला. विंडोज लॅपटॉपच्या कंपनीनंच घालून दिलंय, परवान्याची किल्ली, म्हणजे ते अस्सल असल्याचा अक्षरी नंबर, मदरबोर्डमध्येच साठवलेली आहे, ताई, डोळे झाकून वापर, असं भाऊ म्हणाला. डोळे तर खात्री झोपेतही धड झाकत नसे.

ती किल्ली दाखवणारी एक कमांड असते. ती त्यानं शोधली. पण मेहुण्याच्या मशीनलाच मेहुण्याबद्दल विचारायचं म्हणजे चोराला साक्षीला बोलावणं. म्हणून त्यानं लॅपटॉपची डिस्क काढली, आपल्या टेबलावरच्या कॉम्प्युटरला जोडली, तिच्यावरून तो सुरू केला आणि कमांड दिली. उत्तर कोरं. पुन्हा दिली. पुन्हा कोरं.

“तुझ्या भावानं टोपी घातली,” तो बायकोला म्हणाला.

तिनं हात पुसले, भावाला फोन करून लगेच ये म्हटलं. “तो खोटा निघाला तर माझं माहेर तुटलं,” ती म्हणाली. “आणि तुम्ही निघालात तर काय, ते तुम्हीच ठरवा.”

खात्री येरझाऱ्या घालू लागला. खिडकी, टेबल, खिडकी. खिशात लॅपटॉपचे स्क्रू खुळखुळत होते. पोट उघडा लॅपटॉप आ वासून पडला होता. आत हिरवा मदरबोर्ड. खात्री थबकला. किल्ली बोर्डात असते, डिस्कमध्ये नाही. मग मघाशी आपण विचारलं कुणाच्या बोर्डाला?

आपल्याच. बाजारातून सुटे भाग आणून जुळवलेल्या कॉम्प्युटरला. त्यात किल्ली नसायचीच. दुकानदारानं विंडोज घालून दिलं होतं. कुठून आणलं, हे खात्रीनं आयुष्यात एकदाच विचारलं नव्हतं, कारण स्वस्तात पडलं होतं.

त्यानं डिस्क परत लॅपटॉपमध्ये बसवली. एक स्क्रू उरला. कमांड दिली, आणि किल्लीची सगळी अक्षरं ओळीनं उभी राहिली. तेवढ्यात बेल वाजली, मेहुणा आत आला.

“हं, विचारा आता,” बायको म्हणाली.

“चूक माझी,” खात्री स्क्रूकडे बघत म्हणाला. “मी माझ्याच मशीनला विचारलं.”

बायकोनं सोडलेला श्वास तिघांनाही ऐकू आला. मेहुणा हसत टेबलावरच्या कॉम्प्युटरपाशी बसला. “मग दाजी, ह्याची किल्ली कुठाय?”

खात्री दाराची कडी बघायला गेला.